बाहेरून आवळलेली मूत्रवाहिनी मोकळी करताना: पहिल्या रिपोर्टपासून स्टेंट निघेपर्यंत

दादाच्या सोनोग्राफीच्या रिपोर्टवर शेवटी एवढंच होतं: डाव्या किडनीला सूज, खडा दिसत नाही. 'खडा दिसत नाही' वाचून आम्हाला हायसं वाटलं, आणि तिथेच चुकलं. खडा असता तर किडनी का फुगली याचं उत्तर हातात असतं. खडा नाही आणि तरी किडनी फुगली आहे, म्हणजे लघवीची वाट दुसऱ्या कशाने तरी अडली आहे, आणि ते 'दुसरं काहीतरी' शोधावंच लागतं. आम्हाला सांगितलं गेलं, भरपूर पाणी प्या. आम्ही तीन आठवडे पाणी पीत बसलो. तोवर उजवी किडनीही फुगली आणि रक्तातलं क्रिएटिनिन (किडनीचं काम मंदावलं की हा आकडा वाढतो) १.३ वरून २.९ वर गेलं.

पुढचे आठ महिने मी त्याच्यासोबत होते आणि एक वही भरत होते. युरेटरोलायसिस, म्हणजे किडनीतून लघवी खाली आणणारी, बाहेरून आवळलेली नळी सोडवण्याचं ऑपरेशन, हे नाव ज्यांच्या घरात पहिल्यांदाच ऐकू आलंय, त्यांच्यासाठी त्या वहीतून हे लिहिते आहे. निर्णय तुमचे डॉक्टर आणि तुम्ही मिळूनच घ्यायचे. पण काय विचारायचं, काय मोजायचं आणि कुठली तारीख अजिबात चुकवायची नाही, हे घरच्यांना ठाऊक असावं.

आधी ही नळी समजून घ्या

किडनीत तयार झालेली लघवी ज्या नळीने खाली लघवीच्या पिशवीत येते ती मूत्रवाहिनी. डॉक्टर तिला युरेटर म्हणतात. लांबी साधारण २५ ते ३० सेंटीमीटर, जाडी जेमतेम ३-४ मिलिमीटर. तिच्या भिंतीत स्नायू असतात आणि ते वरून खाली लाटेसारखे आकुंचन पावत लघवी पुढे ढकलतात. झोपलेल्या माणसाची लघवीही पिशवीत पोचते ती याच लाटांमुळे.

हे कळलं की 'बाहेरून दाब' म्हणजे काय तेही कळतं. नळी चेपली गेली तर वाट अरुंद होते, हे सरळ आहे. पण तिच्याभोवती घट्ट तंतुमय थर जमला, तर आतली वाट थोडीफार उघडी असूनही नळीला लाट उठवता येत नाही. म्हणून काही रुग्णांमध्ये खालून घातलेली बारीक नळी सहज वर जाते, तरी लघवी मात्र खाली उतरत नाही.

दाब कशाचा आहे यावर पुढचं सगळं ठरतं. दादाला होता तो रेट्रोपेरिटोनियल फायब्रोसिस: पोटाच्या मागच्या भागात, महाधमनीभोवती चिवट थर वाढत जातो आणि दोन्ही मूत्रवाहिन्यांना आपल्यात ओढून घेतो. फ्रेंच युरोलॉजिस्ट आल्बरान यांनी १९०५ साली त्याचं वर्णन केलं होतं. १९४८ मध्ये अमेरिकेतल्या ऑर्मंड यांनी तो नव्याने मांडला, म्हणून काही जण त्याला ऑर्मंडचा आजार म्हणतात. साधारण चाळिशी ते साठीत, आणि पुरुषांना जास्त होतो. बऱ्याचदा कारण सापडत नाही. काहींमध्ये तो आयजीजी-४ नावाच्या प्रथिनाशी जोडलेल्या आजाराचा भाग असतो, काहींमध्ये काही औषधांमुळे, आधीच्या रेडिएशनमुळे किंवा महाधमनीच्या फुगवट्यामुळे होतो.

स्त्रियांमध्ये एंडोमेट्रिऑसिस हे मोठं कारण. गर्भाशयाच्या अस्तरासारख्या पेशी गर्भाशयाबाहेर रुजतात, तिथे चट्टे तयार होतात आणि ओटीपोटातल्या मूत्रवाहिनीला जखडतात. याशिवाय कर्करोगाची गाठ, जुन्या ऑपरेशनचे चट्टे, आणि क्वचित जन्मतःच मोठ्या शिरेच्या मागून गेलेली उजवी मूत्रवाहिनी. या शेवटच्या प्रकारात नुसतं मोकळं करून भागत नाही. नळी कापून शिरेच्या पुढून पुन्हा जोडावी लागते.

दुखत नाही म्हणून थांबू नका

खडा अचानक अडकतो म्हणून असह्य कळा येतात. बाहेरचा दाब महिनोन् महिने हळूहळू वाढतो, आणि किडनी तितक्याच हळू फुगते. कमरेत किंवा कुशीत बोथट दुखणं, थकवा, भूक मंदावणं, कधी पायांवर सूज. कित्येकांना तर काहीच होत नाही. एंडोमेट्रिऑसिसमध्ये पाळीच्या दुखण्याकडे सगळं लक्ष जातं आणि तिकडे एक किडनी गुपचूप निकामी होऊ शकते. म्हणून खोलवर पसरलेला एंडोमेट्रिऑसिस निघाला असेल, तर किडन्यांची सोनोग्राफी झाली आहे का, हे आवर्जून विचारा.

आणखी एक गोष्ट मला कुणीतरी पहिल्याच दिवशी सांगायला हवी होती. रक्तातलं क्रिएटिनिन हा दोन्ही किडन्यांचा मिळून हिशेब असतो. एक किडनी धडधाकट असेल तर ती दुसरीचं काम उचलते आणि आकडा नॉर्मल किंवा जेमतेम वाढलेला दिसतो. 'क्रिएटिनिन नॉर्मल आहे' याचा अर्थ 'फुगलेली किडनी ठीक आहे' असा होत नाही.

थंडी वाजून ताप आणि त्यासोबत कुशीत दुखणं, किंवा लघवी फारच कमी होणं वा बंद होणं, यांपैकी काहीही दिसलं तर सकाळची वाट पाहू नका, लगेच हॉस्पिटल गाठा. अडलेल्या किडनीत जंतुसंसर्ग झाला तर तो काही तासांत रक्तात पसरू शकतो.

पहिली पायरी: किडनीवरचा दाब उतरवणं

मूळ कारणाचा शोध चालू राहतो, पण किडनी तोवर थांबत नाही. म्हणून आधी लघवीला तात्पुरती वाट करून देतात. त्याचे दोन मार्ग आहेत. एक, डीजे स्टेंट: दोन्ही टोकांना वळसा असलेली मऊ नळी, एक टोक किडनीत आणि दुसरं लघवीच्या पिशवीत. ती लघवीच्या मार्गातून दुर्बिणीने बसवतात, बाहेर काही दिसत नाही. दुसरा, नेफ्रोस्टॉमी: पाठीतून थेट किडनीत घातलेली नळी, तिला बाहेर पिशवी. स्टेंट वर सरकलाच नाही, किंवा रुग्ण संसर्गाने फार आजारी असेल, तर बरेचदा दुसरा मार्ग निवडतात. बाहेरचा दाब फार असेल तर स्टेंट जागेवर असूनही चेपला जाऊ शकतो, त्यामुळे स्टेंट बसला म्हणजे काम झालं असं धरू नका. दोन-चार दिवसांनी क्रिएटिनिन आणि सोनोग्राफी पुन्हा करतात, तो रिपोर्ट मागून घ्या.

दादाला दोन्ही बाजूंनी स्टेंट बसवले त्या रात्री नर्सने माझ्या हातात खुणा असलेलं प्लास्टिकचं भांडं दिलं आणि दर तासाला लघवीच्या नळीला (कॅथेटरला) जोडलेली बाहेरची पिशवी त्यात रिकामी करून आकडा लिहायला सांगितलं. पहिल्या तासाला ३०० मिली, दुसऱ्या तासाला ३५०. मला वाटलं, किती छान, किडनी सुरू झाली! ती मात्र डॉक्टरांना बोलवायला धावली. दोन्ही बाजू (किंवा असलेली एकुलती किडनी) अडलेली असून मोकळी झाली, की कधी कधी किडन्या पाणी आणि क्षार धरून ठेवू शकत नाहीत. लागोपाठ दोन तास २०० मिलीच्या वर, किंवा दिवसभरात ३ लिटरच्या वर लघवी झाली तर रक्तदाब, सोडियम आणि पोटॅशियमवर लक्ष ठेवावं लागतं. दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत ते आपोआप ओसरलं. तुम्ही मोजत असाल तर आकडा लिहा, आणि तो मोठा दिसला तर लगेच सांगा.

दुसरी पायरी: कारण शोधणं आणि किडनी किती उरली आहे ते मोजणं

दाब कुठे आणि कशाचा आहे ते सीटी किंवा एमआरआयवर दिसतं. सीटीत रंगद्रव्याचं इंजेक्शन देतात, त्यामुळे क्रिएटिनिन वाढलेलं असेल तर ते आधी खाली येऊ देतात किंवा दुसरा पर्याय निवडतात. रक्तात ईएसआर, सीआरपी (शरीरातला दाह दाखवणाऱ्या तपासण्या) आणि गरजेप्रमाणे आयजीजी-४ तपासतात. थराचा तुकडा काढून बायोप्सी करण्याची वेळ बऱ्याचदा येते, कारण वरून अगदी तसाच दिसणारा कर्करोगही असू शकतो. बायोप्सी शब्दाला घाबरून ती पुढे ढकलू नका. निदान चुकीचं असेल तर पुढचे उपचारही चुकतात.

पण माझ्या मते सगळ्यात मोलाची तपासणी म्हणजे रेनोग्राम, आणि नेमकी तीच लोकांना माहीत नसते. शिरेतून अगदी थोडं किरणोत्सारी द्रव्य देतात आणि कॅमेऱ्याखाली बघतात की कोणती किडनी किती काम करते आणि लघवी किती वेळात खाली उतरते. मध्येच लघवी वाढवणारं इंजेक्शन देतात. निरोगी माणसात दोन्ही किडन्यांचा वाटा ४५ ते ५५ टक्क्यांच्या दरम्यान असतो. इंजेक्शननंतर किडनीतलं निम्मं द्रव्य १० मिनिटांच्या आत उतरलं तर वाट मोकळी. २० मिनिटांहून जास्त लागली तर अडथळा असण्याची शक्यता मोठी. दादाची डावी किडनी ३१ टक्क्यांवर होती. ऑपरेशननंतर तुलना करायला हा आधीचा आकडा लागतोच, म्हणून रेनोग्राम झाल्याशिवाय टेबलावर जाऊ नका. वाटा १० टक्क्यांच्या आसपास किंवा त्याहून खाली असेल, तर नळी मोकळी करून किडनीला फायदा होईल का, हा प्रश्न डॉक्टर स्वतःच काढतील.

तिसरी पायरी: ऑपरेशन हवंच का?

प्रत्येकाला लागत नाही. रेट्रोपेरिटोनियल फायब्रोसिसमध्ये आधी सहसा स्टेरॉइड देतात, आणि कित्येकांमध्ये थर आक्रसतो, स्टेंट काढता येतो. स्टेरॉइड चालत नसेल किंवा पुरत नसेल तर प्रतिकारशक्ती दाबणारी इतर औषधं असतात. दादाला मधुमेह आहे. स्टेरॉइडने साखर आटोक्याबाहेर गेली, आणि औषध कमी केलं की सूज परत. तेव्हा ऑपरेशन ठरलं. एंडोमेट्रिऑसिसचं गणित वेगळं आहे: हार्मोनच्या गोळ्यांनी दुखणं कमी होतं, पण नळीभोवतीचा पक्का झालेला चट्टा गोळ्यांनी विरघळत नाही. तिथे किडनी फुगली असेल तर ऑपरेशनकडे लवकर वळतात.

दर तीन ते सहा महिन्यांनी स्टेंट बदलत राहणं हाही एक मार्ग आहे. वय फार असेल, भूल झेपणार नसेल किंवा कर्करोग पसरलेला असेल तर तोच शहाणपणाचा ठरतो.

सर्जनना मी विचारलेले प्रश्न असे होते: तुम्ही हे ऑपरेशन किती वेळा केलं आहे? पोट उघडून की दुर्बिणीतून, आणि दुर्बिणीतून सुरू करून पोट उघडावं लागण्याची शक्यता किती? एकच बाजू की दोन्ही? नळी नुसती मोकळी करणं जमलं नाही तर पुढे काय कराल? शेवटचा प्रश्न सगळ्यात महत्त्वाचा. नळीची भिंतच खराब झाली असेल तर तो भाग कापून टोकं जोडावी लागतात, किंवा नळी लघवीच्या पिशवीत नव्या जागी बसवावी लागते. एंडोमेट्रिऑसिस आतड्यापर्यंत गेला असेल तर आतड्याचं ऑपरेशनही सोबत होऊ शकतं. संमतीपत्रात हे 'गरज पडल्यास' म्हणून लिहिलेलं असतं. सही करण्याआधी त्यातली प्रत्येक ओळ समजून घ्या.

चौथी पायरी: तयारी

लघवीचं कल्चर करून जंतू असतील तर आधी अँटिबायोटिक. रक्त पातळ करणाऱ्या गोळ्या कधी बंद करायच्या हे डॉक्टरांकडून लिहून घ्या, स्वतः ठरवू नका. गेल्या काही महिन्यांत स्टेरॉइड घेतलं असेल तर भूलतज्ज्ञांना स्वतःहून सांगा, कारण शरीराची स्वतःची स्टेरॉइड बनवण्याची सवय सुटलेली असू शकते आणि ऑपरेशनच्या वेळी जादा डोस लागतो. सर्वसाधारणपणे ६ तास आधी खाणं बंद आणि २ तास आधी पाणीही बंद असतं, पण तुमच्या हॉस्पिटलने दिलेली वेळच पाळा. जुन्या सीटीच्या सीडी सोबत न्या. नुसत्या कागदावरच्या रिपोर्टवर सर्जनचं भागत नाही, त्यांना चित्रं बघायची असतात.

टेबलावर नेमकं काय करतात

या ऑपरेशनचं नाव युरेटरोलायसिस, म्हणजे मूत्रवाहिनी सोडवणं. पूर्वी बेंबीच्या वरखाली मोठा छेद घेऊन करत. १९९० च्या दशकापासून दुर्बिणीतून होऊ लागलं आणि आता काही ठिकाणी रोबोटच्या मदतीनेही होतं. पूर्ण भूल असते. वेळ आजारावर अवलंबून. दोन्ही बाजू असतील तर अनेक तास लागू शकतात. बाहेर बसणाऱ्यांनी हे धरूनच चालावं, घड्याळाकडे बघून घाबरू नये.

सर्जन आधी मोठं आतडं बाजूला सारतात, कारण मूत्रवाहिनी त्याच्या मागे असते. मग ती शोधतात, तीही आजारी भागात न शोधता वर किंवा खाली जिथे ऊती निरोगी आहेत तिथे. ती ओळखायची खूण सर्जननी मला रिपोर्टच्या पाठीमागे चित्र काढून सांगितली: चिमट्याने हलकेच स्पर्श केला की मूत्रवाहिनी गांडुळासारखी सरपटते. रक्तवाहिनी तसं करत नाही. स्टेंट आत असेल तर बोटाला किंवा अवजाराला तो लागतो, म्हणून शोधणं सोपं जातं.

नळी सापडली की थराला चीर देत देत तिला इंच इंच सोडवतात. इथे हात फार हलका लागतो. मूत्रवाहिनीला रक्त पुरवणाऱ्या बारीक वाहिन्या तिच्या बाहेरच्या पातळ आवरणातच लांबीच्या दिशेने धावतात. थर काढण्याच्या नादात ते आवरण खरवडलं गेलं तर नळी त्या वेळी मोकळी दिसते, पण पुढच्या काही आठवड्यांत तिथे गळती होते किंवा ती पुन्हा आखडते. ओटीपोटात आणखी एक अडचण असते: गर्भाशयाची धमनी मूत्रवाहिनीच्या वरून आडवी जाते, त्यामुळे तिथे काम करताना दोघींनाही सांभाळावं लागतं.

सोडवून तिथेच ठेवली तर थर तिला परत वेढेल. म्हणून फायब्रोसिसमध्ये तिची जागा बदलतात. तिला पोटाच्या पोकळीत घेतात किंवा बाहेरच्या बाजूला सरकवतात, आणि पुष्कळदा ओमेंटमने, म्हणजे आतड्यांवर पदरासारख्या पसरलेल्या चरबीच्या आवरणाने, गुंडाळतात. दादाच्या दोन्ही मूत्रवाहिन्या अशा गुंडाळल्या आहेत. थराचे तुकडे तपासणीला जातातच, आधीची बायोप्सी झालेली असली तरी.

पहिले काही दिवस

रुग्ण बाहेर येतो तेव्हा लघवीची नळी, पोटाजवळ एक ड्रेन (आत साचणारं पाणी बाहेर काढणारी नळी) आणि आत स्टेंट असतो. लघवी गुलाबी दिसते, त्याने घाबरू नका. लालभडक झाली किंवा गुठळ्या येऊन नळी तुंबली तर लगेच सांगा. ड्रेनमध्ये पाणी वाढत असेल तर त्याचं क्रिएटिनिन तपासतात: रक्तातल्याइतकंच आलं तर ते पोटातलं साधं पाणी, कितीतरी पट जास्त आलं तर कुठून तरी लघवी झिरपते आहे. बहुतेक वेळा स्टेंट आणि लघवीची नळी जास्त दिवस ठेवून ती गळती बंद होते.

आतडी हलवलेली असल्याने पोट एक-दोन दिवस सुस्त असतं. वारा सरेपर्यंत खाण्याची घाई नको. चालणं मात्र दुसऱ्या दिवशीच सुरू करतात. दादा नळ्या हातात धरून वॉर्डाच्या दारापर्यंत गेला आणि परत येताना घामाघूम झाला. पोटरी दुखायला, सुजायला लागली किंवा अचानक धाप लागली तर पायातल्या शिरेत गुठळी झाल्याची शंका घ्यायची. दुर्बिणीचं असेल तर काही दिवसांत घरी सोडतात, पोट उघडलं असेल तर मुक्काम लांबतो.

घरी, आणि तो स्टेंट

साधारण सहा आठवडे जड उचलायचं नाही. भरलेली बादलीही जडच. स्टेंट आत असेपर्यंत लघवीला सारखं जावंसं वाटतं, लघवी करताना कुशीत ओढ बसते (थोडी लघवी स्टेंटमधून उलटी वर जाते म्हणून), आणि जास्त चाललं की लघवीत रक्त दिसतं. हे त्रासाचं आहे, पण अपेक्षित आहे, आणि त्यावर गोळ्या मिळतात. ताप, थंडी, थांबत नाही असं दुखणं हे अपेक्षित नाही.

स्टेंट बहुधा सहा ते आठ आठवड्यांनी काढतात. दुर्बीण आणि जागा बधिर करणारी जेली, काही मिनिटांचं काम. तारीख डिस्चार्ज कार्डावर लिहिलेली नसेल तर तिथेच लिहून घ्या, आणि घरातल्या दोन माणसांच्या फोनमध्ये टाका. बरं वाटायला लागलं की स्टेंट विसरला जातो. विसरलेल्या स्टेंटवर क्षार साठतात, खडे धरतात, तो तुटतो, आणि मग तो काढायला वेगळं ऑपरेशन लागतं, कधी किडनीही हातची जाते. वॉर्डात आमच्या शेजारच्या खाटेवरच्या काकांचा स्टेंट तसाच राहून गेला होता. मी दादाची तारीख कपाटाच्या दाराला आतून लाल पेनाने लिहून चिकटवली, स्टेंट दोन आहेत हेही ठळक लिहून.

पुढची वर्षं

स्टेंट निघाल्यावर खरी परीक्षा सुरू होते. एक-दोन आठवड्यांत क्रिएटिनिन, मग सोनोग्राफी, आणि साधारण तीन महिन्यांनी रेनोग्राम. सोनोग्राफीत 'थोडी सूज' लिहून येईल तेव्हा धीर सोडू नका. बराच काळ ताणलेली किडनी वाट मोकळी झाल्यावरही थोडी सैल राहू शकते. लघवी उतरते आहे की नाही हे रेनोग्रामच सांगतो. किडनीचं गेलेलं काम बरेचदा परत येत नाही, आहे ते टिकवणं हे उद्दिष्ट असतं, हे रुग्णाला आधीच सांगून ठेवा. नाहीतर आकडा वाढला नाही म्हणून तो खचतो.

फायब्रोसिस किंवा एंडोमेट्रिऑसिस हा आजार ऑपरेशनने शरीरातून गेलेला नसतो. औषधं चालू ठेवायची असतील तर ती कोण बघणार, युरोलॉजिस्ट, संधिवाततज्ज्ञ की स्त्रीरोगतज्ज्ञ, हे डिस्चार्जच्या वेळीच स्पष्ट करून घ्या. दुखण्यासाठी दुकानातून आयबुप्रोफेन किंवा डायक्लोफेनॅकसारखी गोळी स्वतःहून आणू नका. दमलेल्या किडनीला ती मानवत नाही.

दादाचा ऑपरेशननंतरचा पहिला रेनोग्राम: डावी ३३, उजवी ६७, दोन्ही बाजू १० मिनिटांच्या आत मोकळ्या. तो कागद फाइलमध्ये सगळ्यात वर लावला आहे, आणि त्यावर पेन्सिलने पुढच्या तपासणीचा महिना लिहिला आहे.